फेटाळलेला अर्ज आणि वरचें न्यायासन

शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, अशी म्हण महाराष्ट्रांत घरोघर ऐकूं येते. परंतु ज्याची जमीन गेली, त्याला ती पाळण्याची मुभा क्वचितच मिळते. भाऊबंदांशीं किंवा शेजाऱ्याशीं बांधावरून तंटा झाला, तर चार पंच बोलावून तो मिटवितां येतो. जमीन घेणारें सरकारच असेल तर पंच म्हणून कोणाला बोलवावयाचें? तेथें न्यायासनाखेरीज दुसरा पंच नाहीं. आणि त्या न्यायासनानेंहि एकदां ‘अर्ज फेटाळला’ असें म्हटलें, म्हणजे मग काय उरतें? ज्या भूमीवर आज नवी मुंबई उभी आहे, तेथील कित्येक कुटुंबांपुढें हा प्रश्न उभा राहिला. त्याचें उत्तर समजून घ्यावयाचें तर दीडशें वर्षांहून अधिक काळाचा इतिहास चाळावा लागतो.

ठाण्याच्या खाडीच्या पूर्व कांठीं, दिघ्यापासून बेलापुरापर्यंत आणि पुढें पनवेल-उरणच्या बाजूस, १९६० च्या सुमारास भाताचीं खाचरें, मिठागरें आणि कोळीवाडे यांचाच विस्तार होता. आगरी व कोळी हे येथील मुख्य रहिवासी. खाडीचें खारें पाणी बांध घालून थोपवावयाचें, पावसाच्या पाण्यानें जमीन धुऊन काढावयाची आणि मग तींत भात पिकवावयाचें, हा त्यांचा पिढ्यान्‌पिढ्यांचा उद्योग. उधाणाच्या भरतीनें बांध फुटला, तर त्या सालचें पीक गेलेंच म्हणून समजावें. अशा जमिनीवरील माणसाचा हक्क कागदापेक्षां कष्टांनींच अधिक सिद्ध झालेला असतो. न्यायालय मात्र कागद पाहतें. या दोन गोष्टींतील अंतर हेंच पुढील साऱ्या कथेचें बीज होय.

कागदावर नांव लागावें म्हणून या किनाऱ्यावरील शेतकऱ्यांनीं मोठी किंमत मोजली होती. अलिबाग तालुक्यांतील चरी येथें नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखालीं १९३३ पासून १९३९ पर्यंत खोतांविरुद्ध संप चालला; इतकीं वर्षें शेतें पडीत राहिलीं, पण शेतकरी मागें हटला नाहीं. पुढें १९४८ चा कूळकायदा आला आणि त्यांतील दुरुस्तीनें १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन ठरून कसणाऱ्या कुळाला मालकीची वाट मोकळी झाली. ह्या मालकीची शाई वाळते न वाळते तोंच, सात ते तेरा वर्षांच्या आंत, खाडीपलीकडच्या पट्ट्यांत सरकारी अधिसूचना येऊन पोहोंचल्या.

सरकारनें लोकांची जमीन सार्वजनिक कामासाठीं घ्यावी, ही कल्पना अर्थात् जुनीच. मुंबई आणि कुलाबा या बेटांवरील रस्ते रुंद करण्यासाठीं १८३९ सालींच एक कायदा झाला होता. १८५७ च्या कायद्यानें कंपनी सरकारच्या साऱ्या मुलुखाला एकच पद्धति लागू केली. तींत मोबदल्याचा तंटा पंचांकडे जाई आणि पंचांचा निवाडा हाच अखेरचा समजला जाई. तो निवाडा चुकला तर दाद मागण्यास जागा नव्हती. १८७० च्या कायद्यानें हा तंटा प्रथम दिवाणी न्यायालयाच्या दारांत आणला, आणि १८९४ च्या पहिल्या कायद्यानें ती वाट पक्की बांधून काढली. पुढें जवळजवळ एकशेंवीस वर्षें याच कायद्याचें राज्य चाललें.

या कायद्याची रचना ध्यानांत घेतल्यावांचून पुढील खटल्यांचें मर्म कळत नाहीं. चौथ्या कलमाखालीं प्राथमिक अधिसूचना. सहाव्या कलमाखालीं, जमीन सार्वजनिक कामासाठींच हवी आहे, असा जाहीरनामा. मग हितसंबंधियांस नोटीस. अकराव्या कलमाखालीं मोबदल्याचा निवाडा. आणि त्यानंतर ताबा. निवाड्याची रक्कम ज्याला मान्य नसेल त्यानें अठराव्या कलमाप्रमाणें ठराविक मुदतींत अर्ज करावा, म्हणजे कलेक्टरानें तें प्रकरण जिल्हा न्यायालयाकडे पाठवावयाचें. तेथील निकालावर चौपन्नाव्या कलमाखालीं उच्च न्यायालयांत अपील. पायऱ्या एकीवर एक अशा रचल्या होत्या, पण सर्वांत वरची पायरी प्रथम गाळलेलीच होती. रंगूनच्या एका कंपनीनें आपलें अपील लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपुढें नेलें, तेव्हां १९१२ सालीं कौन्सिलनें सांगितलें कीं, भूसंपादनाचा निवाडा म्हणजे दिवाणी हुकूमनामा नव्हे. म्हणून उच्च न्यायालयाच्या पुढें यास वाट नाहीं. ही उणीव १९२१ च्या दुरुस्तीनें भरून निघाली. आणखी दोन वर्षांनीं, १९२३ सालीं, ‘पांच-अ’ हें कलम घालण्यांत आलें. जमीन जाण्यापूर्वीं मालकाचें म्हणणें ऐकून घेतलें पाहिजे, ही साधी गोष्ट कायद्यांत येण्यास इतका काळ लागला.

वरच्या न्यायासनाकडे गेल्यानें नेहमींच लाभ होतो असें नाहीं. मुंबईच्या मलबार हिलवरील जमिनी कंपनी सरकारनें पट्ट्यानें दिलेल्या होत्या. सार्वजनिक कामास लागल्यास त्या परत घेण्याची अट पट्ट्यांत होती. सरकारी अधिकाऱ्यांना राहण्यास घरें हवींत म्हणून सरकारनें त्या मागितल्या. अधिकाऱ्यांची सोय ही सार्वजनिक गोष्ट कशी, असा पट्टेदारांचा सवाल. मुंबई उच्च न्यायालयांत न्यायमूर्ति बॅचलर यांनीं सार्वजनिक कामाची व्याख्या केली, ती अशी कीं, ज्यांत एखाद्या व्यक्तीचें नव्हे तर समाजाचें व्यापक हित प्रत्यक्ष गुंतलेलें असतें तें. या कसोटीला सरकारची मागणी उतरली, आणि १९१४ सालीं प्रिव्ही कौन्सिलनेंहि तोच निकाल कायम केला. मालकांची जमीन गेली. पण ‘सार्वजनिक काम’ या शब्दांना मोजमाप मिळालें, आणि पुढें ज्यांना सरकारचा हेतु तपासून पाहावयाचा होता त्यांना तें उपयोगी पडलें.

याच्या उलट उदाहरण विशाखापट्टणमचें. तेथील बंदराच्या कामासाठीं एका जमीनदाराची जमीन घेतली गेली, तींत गोड्या पाण्याचा झरा होता. आज जमीन ओसाड आहे म्हणून ओसाड जमिनीचा भाव द्यावा, कीं बंदर होणार व त्याला पाणी लागणार हें धरून भाव द्यावा? खालच्या न्यायालयानें वाढविलेली रक्कम उच्च न्यायालयानें उतरविली. १९३९ सालीं प्रिव्ही कौन्सिलनें ती पुन्हां वाढविली आणि सांगितलें कीं, जमिनीच्या अंगचें भावी सामर्थ्य हाहि तिच्या किंमतीचा भागच होय. ज्या खाचरांवर शहर वसणार होतें त्यांच्या मालकांना हें तत्त्व किती मोलाचें होतें, हें वेगळें सांगावयास नको.

१९४९ च्या ऑक्टोबरांत प्रिव्ही कौन्सिलचा हिंदुस्थानावरील अधिकार संपला आणि २६ जानेवारी १९५० पासून सर्वोच्च न्यायालय त्या जागीं आलें. राज्यघटनेनें नागरिकाच्या हातीं दोन नवीं साधनें दिलीं. कलम २२६ प्रमाणें उच्च न्यायालयांत रिट अर्ज करावा, आणि तो फेटाळला गेल्यास कलम १३६ प्रमाणें सर्वोच्च न्यायालयाकडे अपिलाची खास परवानगी मागावी. मालमत्तेचा हक्क त्या वेळीं मूलभूत हक्कांत मोडत होता. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीनें तो त्या यादींतून निघाला आणि ‘कायद्याच्या अधिकाराशिवाय कोणाचीहि मालमत्ता हिरावून घेतां येणार नाहीं’, एवढ्या आशयानें ३००-अ या कलमांत राहिला.

परंतु ‘फेटाळला’ हा शब्द एक असला तरी त्याचे अर्थ अनेक आहेत. हें प्रथम स्पष्ट करण्याचें काम एका मराठी न्यायमूर्तींकडून झालें. १९४७ च्या दंगलींत गांव सोडून गेलेले उत्तर प्रदेशांतील कांहीं शेतकरी परतले, तेव्हां त्यांच्या शेतांत दुसरेच लोक नांगर धरून होते. त्यांचा रिट अर्ज अलाहाबादेस फेटाळला गेला. त्यावर अपील न करतां त्यांनीं सर्वोच्च न्यायालयांत नवाच अर्ज केला. १९६१ सालीं न्यायमूर्ति प्र. बा. गजेंद्रगडकर यांनीं निर्णय दिला कीं, गुणदोषांचा विचार होऊन अर्ज फेटाळला गेला असेल, तर तोच प्रश्न नव्या अर्जानें पुन्हां उकरतां येणार नाहीं. अपील हीच वाट. पण केवळ उशीर झाला म्हणून, किंवा दुसरा उपाय उपलब्ध आहे म्हणून दार लावलें गेलें असेल, तर हक्काचा निवाडा झालेला नसतो आणि पुढची वाट तेवढ्यानें बंद होत नाहीं. पुढें २००० सालीं केरळच्या एका प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें याच विचाराला पुढची जोड दिली. खास परवानगीचा अर्ज कारणें न देतां फेटाळला, तर त्याचा अर्थ एवढाच कीं अपील ऐकावयाचें ठरलें नाहीं. खालच्या निकालावर वरच्या न्यायालयाचा शिक्का बसला असें नव्हे.

आतां पुन्हां ठाण्याच्या खाडीकडे वळावें. महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ १ ऑगस्ट १९६२ रोजीं स्थापन झालें आणि ठाणें-बेलापूर पट्टा कारखान्यांसाठीं घेण्यास आरंभ झाला. मुंबई बेटावरील गर्दी हटविण्यासाठीं खाडीपलीकडे जुळें शहर वसवावें, ही योजना चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनीं ‘मार्ग’ या नियतकालिकांतून १९६५ सालीं मांडली. १९७० च्या फेब्रुवारींत संपादनाची अधिसूचना निघाली आणि १७ मार्च रोजीं सिडको ही संस्था जन्मास आली. ठाणें, पनवेल व उरण या तीन तालुक्यांतील ९५ गांवें आणि सुमारें ३४४ चौरस किलोमीटर क्षेत्र या नगरीच्या आराखड्यांत आलें.

येथें कायद्यांतील एका बारीक कलमानें मोठें काम केलें. जमिनीचा भाव धरावयाचा तो चौथ्या कलमाखालील अधिसूचनेच्या दिवशींचा, असा नियम होता. अधिसूचना १९७० ची, निवाडा मात्र पुष्कळ ठिकाणीं कित्येक वर्षांनीं. मधल्या काळांत रस्ते झाले, पूल झाले, इमारती उठल्या, धान्य महागलें. शेतकऱ्याच्या पदरांत मात्र भाताच्या खाचराचा जुना भाव. जिल्हा न्यायालयाकडे प्रकरण पाठविण्याची मुदतहि अनेकांच्या हातून निसटली, कारण नोटीस इंग्रजी वळणाच्या भाषेंत आणि वाचणारा अंगठेबहाद्दर. ज्यानें अर्ज केला त्याची रक्कम वाढे आणि बांधाला बांध लागून असलेल्या शेजाऱ्याची तशीच राही.

या असंतोषाला दि. बा. पाटील यांच्यासारखे वकिलीचें शिक्षण घेतलेले पुढारी मिळाले. १६ व १७ जानेवारी १९८४ रोजीं उरणच्या बाजूस जासई-दास्तान फाटा परिसरांत आंदोलकांवर गोळीबार झाला आणि पांच जण मृत्युमुखीं पडले. त्याच वर्षाच्या सप्टेंबरांत भूसंपादन कायद्यांत मोठी दुरुस्ती झाली. सक्तीनें घेतलेल्या जमिनीबद्दलची वाढीव रक्कम शेंकडा १५ वरून ३० झाली. जाहीरनाम्यानंतर दोन वर्षांत निवाडा न झाल्यास कारवाई रद्द व्हावी, असें ठरलें. आणि ‘अठ्ठावीस-अ’ या नव्या कलमानें, स्वतः न्यायालयांत न गेलेल्या शेतकऱ्यालाहि शेजाऱ्याला मिळालेल्या निकालाच्या आधारें वाढीव मोबदला मागण्याची सोय झाली. मुदत हुकलेल्या गरिबाची आठवण कायद्याला झाली ती अशी नव्वद वर्षांनीं. पुढें १९९० नंतर नवी मुंबईंत घेतलेल्या जमिनीच्या साडेबारा टक्के इतकी विकसित जमीन मूळ मालकांना परत देण्याची योजना आली. ती न्यायालयानें दिलेली नव्हती. रस्त्यावरच्या लढ्यानें मिळविलेली होती.

पण ज्यांच्या जमिनीचा निवाडाच कधीं झाला नाहीं, त्यांचें काय? वाढीव मोबदला मागावयाचा तर मूळ मोबदल्याचा कागद हवा. ठाणें-बेलापूर पट्ट्यांतील कांहीं निरक्षर शेतकऱ्यांची हीच गत झाली. औद्योगिक वसाहतीसाठीं १९६४ सालीं त्यांच्या वाडवडिलांच्या जमिनीची अधिसूचना निघाली. पुढची पायरी झाली नाहीं. जाहीरनामा नाहीं, निवाडा नाहीं, मोबदला नाहीं. ताबा मात्र गेला. १९८१ सालीं सरकारी यंत्रणेच्या ध्यानांत ही गोष्ट आली व पुन्हां अधिसूचना काढण्यांत आली. तीहि तशीच पडून राहिली. विनंत्या झाल्या, पत्रें गेलीं, एका कचेरींतून दुसऱ्या कचेरींत फेऱ्या झाल्या. शेवटीं पुढच्या पिढीनें २००९ सालीं मुंबई उच्च न्यायालयांत रिट अर्ज केला. तो त्याच वर्षीं फेटाळला गेला. कारणें दोन, फार उशीर झाला आणि कांहीं कागदपत्रें उपलब्ध नाहींत.

हा निकाल निराधार होता असें म्हणतां येणार नाहीं. १९७१-७२ च्या दुष्काळांत मराठवाड्यांत रस्त्याचीं कामें निघालीं, त्यांत आपली जमीन मोबदल्याशिवाय गेली, अशी तक्रार एका शेतकऱ्यानें सुमारें वीस वर्षांनीं केली होती. उच्च न्यायालयानें त्याची बाजू घेतली; परंतु राज्य सरकारनें अपील केलें आणि १९९५ सालीं सर्वोच्च न्यायालयानें तें मान्य करून शेतकऱ्याचा अर्ज काढून टाकला. वीस वर्षें गप्प बसलेल्या माणसाला असाधारण अधिकाराचें साह्य देतां येत नाहीं, हा त्यामागील विचार. त्यांतहि तथ्य आहे. साक्षीदार मरतात, कागद वाळवीच्या तोंडीं जातात, आणि तक्रार खरी कीं पाठीमागून सुचलेली हें ठरविणें कठीण होतें. वीस वर्षांना जें दार मिळालें नाहीं, तें पंचेचाळीस वर्षांना कसें मिळावें?

सर्वोच्च न्यायालयांत हें अपील न्यायमूर्ति चौहान व न्यायमूर्ति दीपक मिश्रा यांच्यापुढें आलें आणि २ नोव्हेंबर २०१२ रोजीं निकाल झाला. उशीर हा दावा नाकारण्याचा सर्वसाधारण आधार आहे, हें न्यायमूर्तींनीं नाकारलें नाहीं. त्यांनीं प्रश्न फिरवून विचारला. उशीर कोणाचा? हे लोक पुनःपुन्हां दाद मागत आले होते. गप्प बसले होते ते नव्हत. आणि ज्या पक्षानें कायद्याची एकहि पायरी पुरी न करतां जमीन ताब्यांत ठेवली, त्यानेंच समोरच्याला ‘तुम्हीं वेळेवर आलां नाहीं’ असें म्हणावें काय? अन्यायापासून कोणाला हक्क मिळत नाहीं, हें त्या निकालाचें सार. जमीन गेली १९६४ सालीं, तेव्हां तर मालमत्ता मूलभूत हक्कच होती. आणि तो हक्क यादींतून निघाल्यावरहि ३००-अ कलम शिल्लक आहेच. कायद्यानें घ्या, नाहीं तर परत करा. तिसरी वाट नाहीं. मालमत्तेचा हक्क हा मानवी हक्कहि आहे, आणि कल्याणकारी राज्याचें कर्तव्य केवळ पैसे मोजून संपत नाहीं, उठविलेल्या माणसाचें पुनर्वसन हेंहि त्यांतच येतें, असें न्यायमूर्तींनीं म्हटलें. मोबदला उशिरां मिळाला तर त्या रकमेंत दुसरी जमीन घेतां येत नाहीं, हें सत्यहि त्यांनीं नोंदविलें. शेतकऱ्याला तें कोणी शिकवावयास नको होतें. अपील मंजूर झालें. उच्च न्यायालयाचा निकाल रद्द झाला आणि संपादन कायद्याप्रमाणें पुरें करून मोबदल्याचा निवाडा देण्याचा आदेश निघाला.

१९९५ आणि २०१२ या दोन निकालांत विरोध दिसतो, पण भेद वर्षांच्या संख्येचा नाहीं. पहिल्यांत न्यायालयाला मागणाऱ्याचें मौन दिसलें. दुसऱ्यांत घेणाऱ्याची बेकायदा कृति आणि मागणाऱ्याची न थकलेली धडपड दिसली. २०२० च्या जानेवारींत हिमाचल प्रदेशांतील एका वृद्ध, निरक्षर विधवेचें प्रकरण आलें. रस्त्यासाठीं तिची जमीन १९६७-६८ मध्यें गेली होती, आणि उच्च न्यायालयानें तिला दिवाणी दावा लावण्यास सांगून परत पाठविलें होतें. सर्वोच्च न्यायालयानें ठाणें-बेलापूरच्या या निकालाचा आधार घेऊनच तिला मोबदला देवविला. खाडीकांठच्या कांहीं अंगठ्यांनीं उघडलेलें दार हिमालयाच्या पायथ्याशीं उपयोगी पडलें.

१८९४ चा कायदा १ जानेवारी २०१४ पासून इतिहासजमा झाला आणि त्याच्या जागीं न्याय्य मोबदला व पुनर्वसन यांचा नवा कायदा आला. जुनी रखडलेली संपादनें नव्या कायद्यानें रद्द होतात कीं नाहीं, यावर वर्षानुवर्षें खटले चालले. ६ मार्च २०२० रोजीं पांच न्यायमूर्तींच्या पीठानें ठरविलें कीं, ताबाहि घेतला नसेल आणि मोबदलाहि दिला नसेल, अशा दोन्ही गोष्टी असतील तेव्हांच तीं रद्द होतात. म्हणजे निवाडा होऊन ताबा गेलेल्यांना ही वाट फारशी उरली नाहीं. वरचें न्यायासन दार उघडतें, तसें तें मिटतेंहि.

या इतिहासांतून एक गोष्ट स्पष्ट होते. ‘फेटाळला’ हें एक पद ऐकून घरीं परतणाऱ्या माणसानें प्रथम विचारावयाचें तें हें कीं, कशासाठीं फेटाळला? गुणदोषांवर, मुदतीवर, कीं कारण न सांगतां? प्रत्येकाची पुढची पायरी निराळी आहे, आणि प्रत्येक पायरीची मुदतहि निराळी. दुसरें असें कीं, दिलेल्या प्रत्येक अर्जाची पोंच जपून ठेवावी. त्या शेतकऱ्यांजवळ निवाड्याचा कागद नव्हता. पण ते मागत राहिले होते, आणि ही मागत राहण्याची गोष्टच अखेर त्यांच्या कामीं आली. खारजमिनीचा बांध जसा दरसाल भरतीपूर्वीं माती टाकून उंच करावा लागतो, तसेंच हक्काचें आहे. एका वर्षाचें दुर्लक्ष पुढच्या उधाणाला वाट करून देतें.